हात लावण्याआधी

शटरसमोर सहा जणी उभ्या होत्या. काल अकरा होत्या. शिक्षिकेनं पुन्हा एकदा मोजलं आणि किल्ली मुठीत आवळली.

बायकांसाठीच्या या वायरिंगच्या वर्गाचा आता कुठं जम बसत होता. दोघींना स्वतःच्या हिमतीवर घरांची कामं मिळाली आणि तेव्हापासून समोरचा वायरिंगचा ठेकेदार बिथरला. काल संध्याकाळी तो चार माणसं घेऊन आला. ओरडला नाही. हसत म्हणाला, "उद्या उघडून दाखवा, बाई." पाच जणींच्या घरी तेवढं पुरलं.

आज ठेकेदाराच्या दुकानाला कुलूप होतं. तिला तेच जास्त खटकत होतं.

"ताई, उघडा ना. लोक बघतायत," सहा जणींतली शिंपीण म्हणाली. "आज वर्ग भरला नाही, तर सासूबाई उद्यापासून पाठवायच्या नाहीत."

"आमच्याकडेही तेच," मागून कुणीतरी म्हणालं.

शिक्षिका वाकली. किल्ली कुलपापाशी नेताना हात थरथरायला लागला. ती झटकन सरळ झाली. हे यांना दिसलं, तर उरलेल्या सहा जणीही जातील.

"आजचा पहिला धडा इथंच," ती म्हणाली. "लोखंडाला हात लावण्याआधी काय करायचं?"

"इथं? भर रस्त्यात?"

"विचारलंय ते सांग."

"मीटर लावून करंट आहे का बघायचं," शिंपीण म्हणाली. "पण ताई, शटरला काय ताप आलाय का?"

सगळ्या हसल्या. शिक्षिकाही हसली. बोटं ताळ्यावर येईपर्यंत तिला थोडा वेळ हवा होता, इतकंच.

तिनं पिशवीतून मीटर काढून दिलं. आधी मीटर चालतंय का ते पाहायचं, म्हणून शिंपीण शेजारच्या न्हाव्याच्या दुकानात शिरली. न्हाव्यानं भिंतीवरच्या प्लगकडे बोट केलं, पण मान वर केली नाही.

"दोनशे एकतीस व्होल्ट!" ती आतूनच ओरडली. "मीटर ठणठणीत आहे."

"आणि इथं किती यायला हवं?"

"शून्य. ते काय सांगायला हवं?"

शिंपिणीनं मीटरच्या काळ्या वायरचं टोक शटरजवळच्या, जमिनीत गेलेल्या नळाच्या लोखंडी पाइपला अडकवलं.

"आता लाल," शिक्षिका म्हणाली. "फक्त प्लास्टिक धर. दुसरा हात पाठीमागे."

हात आता थरथरत नव्हता. शाब्बास म्हणायचं आणि लगेच उघडायचं, असं ठरवून तिनं किल्ली पुढे धरली.

शिंपिणीनं लाल टोक कुलपाला टेकवलं. ती मीटरकडे बघत राहिली. मागचं हसणं हळूहळू थांबलं.

"वाच," शिक्षिका म्हणाली.

"दोनशे अठ्ठावीस."