अडीच फुटांनी चुकलेला जिना

माझा मामा थापाड्या आहे, आणि हे मी लाडानं म्हणत नाही. आमच्या हॉटेलात तो एकोणतीस वर्षं लिफ्ट चालवतो. लिफ्ट लोखंडी जाळीची, पितळी दांड्यानं चालणारी आणि इतकी संथ, की चौथा मजला येईपर्यंत पाहुण्याला इमारतीचा एकशे अकरा वर्षांचा इतिहास ऐकून होतो. पुढच्या खांबांचा दगड बुडालेल्या जहाजातून काढला म्हणे. मोठ्या जिन्याच्या कठड्यावरून एक राजकन्या घसरत खाली आली म्हणे, आणि दर वर्षी ती एक मजला आणखी वरून घसरते. सगळे त्याला लिफ्टमामा म्हणतात. माझा तो सख्खा मामा, त्यामुळे लाज मलाच वाटते.

मी दुसऱ्या मजल्यावर चादरी-टॉवेलांचं खातं सांभाळते. मला खोटं खपत नाही. उताराचा कॉरिडॉरही खपत नाही, पण तो आहे. हॉटेल दोन भावांनी दोन टोकांकडून बांधत आणलं, आणि मधोमध जिथं दोन्ही अर्धी भेटली तिथं दुसऱ्या मजल्याला चांगलाच उतार आहे. तो का, हे कुणालाच ठाऊक नव्हतं. माझी ढकलगाडी तिथून रोज पळते आणि मी तिच्यामागे.

यंदा मालकांच्या मुलानं इमारत पाडून काचेची नवी बांधायचं काढलं. शहराच्या जुन्या वास्तूंच्या यादीत आमचं नाव लागलं, तरच ती वाचणार होती, आणि तिच्यासोबत लिफ्ट. नाहीतर मामा घरी. मागं एकदा त्याला आठवडाभर सक्तीची रजा दिली होती, तर तो दारात उभा राहून येणाऱ्या-जाणाऱ्याला कितवा मजला म्हणून विचारायचा. आमचं घर बैठं आहे. त्या आठवड्यात तो धड जेवलाही नव्हता, म्हणून मला खरोखर धास्ती वाटत होती.

पाहणीला समितीच्या वास्तुतज्ज्ञ बाई आल्या. आदल्या दिवशी मी मामाकडून वचन घेतलं होतं, की एकही थाप मारायची नाही. त्यानं ते पाळलं, तिथंच घोळ झाला. खांबापाशी उभा राहून तो म्हणाला, हा खांब आहे. खिडकीपाशी म्हणाला, ही खिडकी आहे, हिच्यातून उजेड येतो. राजकन्येच्या कठड्यापाशी तर म्हणाला, हा कठडा आहे, हा धरून उतरायचं असतं. बाईंनी जांभई दिली. अशा पाच-सहा इमारती शहरात आहेत, त्यात हिचं वेगळं काही दिसत नाही, असं म्हणून त्यांनी वही मिटली.

मामाचा चेहरा बघवेना. आणि तेवढ्यात कुणीतरी म्हणालं, "बाई, तुम्ही बंद केलेला जिना पाहिलाच नाही."

ती मी होते. कुठला जिना, असं बाईंनी विचारलं. मी बेधडक माझ्या चादरींच्या खोलीकडे बोट केलं. या कपाटामागे, म्हटलं. मामा माझ्याकडे बघतच राहिला.

बाईंनी टेप काढली. बाहेरून कॉरिडॉर मोजला, आतून खोल्या मोजल्या, पुन्हा मोजल्या. मग त्यांचे डोळे चमकले. आत सात फूट कमी भरत होते.

चौघांनी कपाट सरकवलं. मागं फळ्या होत्या. फळ्या निघाल्या आणि खालच्या अंधारातून वर येणारा, नक्षीच्या कठड्याचा, धुळीनं माखलेला एक जिना दिसला. जिना डौलात वर येत होता आणि शेवटची पायरी सरळ भिंतीला भिडत होती. मजला तिच्याहून चांगला अडीच फूट उंच.

बाईंनी पुन्हा टेप लावली आणि त्या पायरीवर बसून पोट धरून हसत सुटल्या. हसत हसतच त्यांनी उलगडा केला. थोरल्यानं मजल्याची उंची फरशीपासून फरशीपर्यंत धरली होती आणि धाकट्यानं फरशीपासून छतापर्यंत. प्रत्येक मजल्याची सव्वा फूट जाडी धाकट्याकडे वाढत गेली. दुसऱ्या मजल्यावर दोघे भेटले तेव्हा जिना बुटका पडला. मग त्यांनी कॉरिडॉरला उतार दिला, जिना फळ्यांनी झाकला आणि अळीमिळी गुपचिळी. आम्हीही हसू लागलो ते थांबेचना. ढकलगाडी उतारावरून निघून गेली, तरी मी हलले नाही.

बाईंनी डोळे पुसत विचारलं, हे कुणाला माहीत होतं? मी मामाकडे बोट दाखवलं. मामा उभ्या जन्मात पहिल्यांदाच लाल झाला. "नाही हो बाई," तो म्हणाला, "मी इथं इतकी वर्षं नुसत्या थापा मारल्या. हे मला खरंच ठाऊक नव्हतं."

मग मलाही कबूल करावं लागलं, की मीही थापच मारली होती. बाई म्हणाल्या, जिना खरा आहे, मला तेवढं पुरे.

नाव यादीत लागलं. लिफ्ट राहिली, मामा राहिला. आता तो पाहुण्यांना दोन भावांची गोष्ट सांगतो, इंच न इंच खरी, आणि ते जाळीला टेकून हसतात. जहाज पटतं, राजकन्या पटते. हे कुणाला पटत नाही. मग मामा तरातरा माझ्याकडे येतो. "तू तरी सांग त्यांना," म्हणतो. मी हातातली चादर टाकून जाते, शपथेवर सांगते. पाहुणे माझ्याकडे बघतात, मग त्याच्याकडे, आणि विचारतात, तुम्ही यांच्याच घरच्या ना?