बसणीचा दिवस

सुगतकडे कुणी मदत मागितली नाही तरी तो करायचा, हाच त्याचा गुण आणि यातच त्याचा घात. वडप्याच्या एका गोडाऊनात डिस्पॅच सुपरवायझर म्हणून त्याने अकरा वर्षं काढलेली; कुठला माल कुठल्या गाडीत, गाडी कधी सुटणार, सगळं तोंडपाठ. नारपोलीला घरी आला तरी हात गप्प बसायचे नाहीत. त्याची बायको रूपा मसाल्याचे डबे लावून ठेवायची, आणि हा ते एक्सपायरीप्रमाणे पुन्हा लावायचा. ती वैतागायची, "अहो, हे किचन आहे का गोडाऊन?"

त्यांची मुलगी रिया तेरा वर्षांची. बोलायची कमी, पण डोक्यात तिने एक अख्खा देश वसवला होता. पाठदेश त्याचं नाव. हुंबा नावाचं एक प्रचंड जनावर चालत असतं आणि त्याच्या पाठीवर गावं, शेतं, बाजार. तिथे सूर्य नाही. हुंब्याचं एक पाऊल म्हणजे एक दिवस, सदतीस पावलांचा एक महिना. महिन्यांना नावं वासांवरून दिलेली: ओल्या मातीचा, तापल्या पत्र्याचा, भिजल्या पुठ्ठ्याचा. तिच्या वहीत पुठ्ठ्याचा महिना वाचून सुगत खो खो हसला. "माझ्या शर्टाचा वास घेतलास की काय गं?" रियाही हसली होती तेव्हा.

गावातल्या वाचनालयाने मुलांसाठी स्पर्धा ठेवली: मनातला देश, मनातलं कॅलेंडर. रियाने महिनाभर खपून मोठ्या कागदावर पाठदेशाचं वर्ष मांडलं. दहा महिने, चौकटीच चौकटी, कडेने हुंब्याची पावलं. आणि वरून दोऱ्याने लटकणारी एक पिवळी चिठ्ठी. तिच्यावर लिहिलेलं, "बसणी."

हुंबा कधीतरी खाली बसतो. तो बसला की पाठदेशात सगळं काम बंद, आणि लांब गेलेली माणसं घरी येतात. पण तो कधी बसेल ते कुणालाच ठाऊक नाही. म्हणून ती चिठ्ठी कुठल्याही दोन चौकटींच्या मध्ये ठेवायची, आणि ठेवली की तो दिवस मोजायचा नाही.

कागद द्यायच्या आदल्या दिवशी सुगतने तो नीट पाहिला, आणि त्याचं डोकं फिरलंच. सुट्टी आहे, पण तारीख नाही! असं कॅलेंडर असतं का कुठे? पोरीची नजरचूक झाली असणार, मार्क जाणार फुकट. रिया शाळेत गेलेली, रूपा बाजारात. रियाला विचारावं, हे त्याच्या डोक्यातही आलं नाही. विचारत बसलं तर गाडी कधी सुटायची? तो कागद गुंडाळून ड्युटीवर घेऊन गेला. ऑफिसच्या कॉम्प्युटरवर सगळं पुन्हा मांडलं, दर सदतिसावं पाऊल लाल केलं, त्यात ‘बसणी’ टाईप केलं, कलर प्रिंट काढून लॅमिनेशन केलं. चिठ्ठी लावायला आता जागाच उरली नव्हती, ती त्याने टाकून दिली. येताना कॅलेंडर परस्पर वाचनालयात जमा करून आला. काय खूश होता म्हणून सांगू! घरी येताना जिलेबी आणली.

रियाने त्याच्या मोबाईलवर नव्या कॅलेंडरचा फोटो पाहिला. बराच वेळ पाहत राहिली.

"छान आहे," म्हणाली. जिलेबी खाल्ली नाही.

दुसरा नंबर आला. बक्षीस शनिवारी अकरा वाजता. सुगतने पंधरा दिवस आधी साहेबांना सांगून ठेवलं, गोडाऊनभर सांगत फिरला, नवा शर्ट घेतला. आणि शनिवारी सकाळी तासाभरासाठी म्हणून गोडाऊनात गेला, तर नाशिकहून आलेल्या गाडीचं सील तुटलेलं निघालं. तो नसता तर दुसऱ्याने पाहिलं असतं हो, पण त्याला राहवलं नाही. पुढे अंजूरफाट्याला ट्रॅफिक. वाचनालयाच्या दारात बाईक लावली तेव्हा साडेबारा झाले होते. खुर्च्या एकावर एक चढवल्या जात होत्या.

रूपा तोंड फिरवून उभी होती. त्याने विचारल्यावर तिने सांगितलं. परीक्षक बाईंनी माईकवर रियाला विचारलं, "बसणीच्या दिवशी तुझ्या देशातल्या लोकांना काय वाटतं?" रिया म्हणाली, "काही नाही. आधीच माहीत असतं त्यांना." लोक हसले, टाळ्या वाजल्या.

सुगतला ते लागलं, आणि कुठे लागलं ते पहिल्यांदा कळलं. ती नजरचूक नव्हती. तिने ती चिठ्ठी मुद्दाम सुटी ठेवली होती, आणि आपण ती केराच्या डब्यात टाकली. त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

रिया पायरीवर बसून बुटाची लेस बांधत होती. तो तिच्याशेजारी टेकला.

"चुकलं माझं, बाळा. आपण ते पुन्हा करू. तुझंच, जसं होतं तसं."

"असू दे पप्पा. झाली आता स्पर्धा."

"मला एवढंच सांग, त्या दिवसाला तारीख का नव्हती?"

रियाने दुसऱ्या बुटाची लेस ओढली. आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं.

"तारीख ठरली की तुम्हाला ड्युटी लागते. म्हणून मी तारखेशिवायचा दिवस केला होता. तो तुमचा चुकलाच नसता."

आजवर चुकवलेल्या सगळ्या तारखा एकदम अंगावर आल्या, आणि त्यातली एकही परत मिळणार नव्हती. काहीतरी द्यायलाच हवं होतं, आत्ताच्या आत्ता, म्हणून तो घाईघाईने म्हणाला, "येत्या रविवारी बसू आपण दोघं. दहा वाजता. नक्की."

म्हणून झालं आणि मग त्याला कळलं, आपण पुन्हा तारीखच दिली.

"बरं," रिया म्हणाली. नेहमी म्हणायची तशीच.