पाव्हणं, चहा घ्या

मी एक जुना टेपरेकॉर्डर आहे, आणि खरं सांगू का मित्रांनो, आता दमलोय. बाकीची यंत्रं कामाने झिजतात, मी ऐकून ऐकून झिजलो.

नव्वद साली पद्माताईंनी मला साताऱ्यात विकत घेतलं. त्या सिनेमाच्या कथा लिहीत. मला पिशवीत घालून एसटीने गावोगाव जात आणि बायकांना बोलतं करत. बायका आधी मला बिचकत. मग भाजी निवडता निवडता सासर, नवरा, सवत, सगळं सांगत. ताईंच्या संवादांची पार सांगलीपर्यंत वाहवा झाली. माझं नाव कुणी काढलं नाही. असो. पण शेवट मात्र निर्माते सुमंतराव ठरवत. नवरा परत येतो, बायको डोळे पुसते आणि पदर खोचून चुलीपुढे बसते. ताई मुकाट्याने तसंच लिहीत. सगळे सिनेमे तसेच गेले. माझे कान किटले हो!

मग विट्याची अंजना भेटली. तिचा नवरा तानाजी लांबच्या शहरात सोनं गाळायच्या दुकानात होता. तिकडेच त्याने दुसरा संसार मांडला. बऱ्याच वर्षांनी तो पेढे घेऊन दारात आला, तेव्हा अंजनाने त्याला आत न घेता बाहेरच्या सोप्यातच बसवलं आणि म्हणाली, "पाव्हणं, चहा घ्या. सातची गाडी हाय, ती गाठा."

ताईंनी तोच शेवट लिहिला. सुमंतराव म्हणाले, नवऱ्याला आत घ्या, नाहीतर दुसरा लेखक बघतो. ताईंच्या हातात दुसरं काम नव्हतं. त्या विट्याला गेल्या आणि एवढं बदललं तर चालेल का, असं अंजनालाच विचारलं. मी शेजारी चालूच होतो.

अंजनाने फोडायच्या शेंगा खाली ठेवल्या.

"ताई, दीर रोज म्हनत्यात, घे त्याला आत. उद्या जत्रंच्या तंबूत तुमचा पिक्चर लागला, अन् त्यातली बाईबी वाकली, तर मी एकटी कुठवर उभी ऱ्हाऊ?"

ताईंनी विट्याच्या स्टँडवरूनच सुमंतरावांना फोन लावला. नवरा सोप्यातच बसेल, म्हणाल्या.

तो सिनेमा निघालाच नाही. पुढे ताईंना कुणी बोलावलं नाही. त्या शिकवण्या घेऊ लागल्या आणि मी कपाटात गेलो. सेल आतच राहिले, पाझरले, माझं पोट गंजलं. राग येतो मला, खोटं कशाला बोलू! पण तानाजी पुन्हा आला, तेव्हाही अंजनाने त्याला उंबरा ओलांडू दिला नाही, हे तिनेच येऊन ताईंना सांगितलं. त्या दिवशी ताई खूप रडल्या, आणि मग पोटभर जेवल्या.

मित्रांनो, माझ्यासारखं यंत्र ठेवून देताना सेल तेवढे काढून ठेवा. आणि घरात आई, आत्या, मावशी काही सांगायला बसली, तर शेवट तुम्ही सांगू नका. तिचं सांगून होईपर्यंत बसा.