माझ्या हाकेला ओ

मी सॅक्सोफोन बोलतोय. पितळेचा, जुना, गळ्यापाशी जरा चेपलेला.

१९५३ साली सात जणांच्या जंप ब्लूज, म्हणजे उडत्या चालीचं संगीत वाजवणाऱ्या बँडबरोबर मी अमेरिकेतून बोटीने जर्मनीला आलो. तिथल्या अमेरिकन सैनिकांच्या क्लबात आम्ही नाचाची गाणी वाजवायचो. माझे धनी क्लाइड मला वाजवत टेबलावर चढायचे, कधी जमिनीवर उताणेच पडायचे. तेव्हाच मी चेपलो. पण टाळ्या इतक्या पडल्या की दुखणं कळलंच नाही.

आमची एक रीत होती. मी हाक मारून गप्प व्हायचं, मग बाकीच्या सहा जणांनी ओरडून ओ द्यायची. त्याशिवाय गाणं पुढे जायचं नाही.

पुढे क्लब बंद पडले. बाकीचे परत गेले, क्लाइड जर्मनीतच, डार्मश्टाट शहरात राहिले. एकेक करून सहाही जण वारल्याची पत्रं आली. "आता ओ कोण देणार?" क्लाइड म्हणाले आणि त्यांनी मला पेटीत ठेवलं. पंधरा वर्षं!

२००५ साली वरच्या मजल्यावर जीवन आणि प्रभावती राहायला आले. त्यांचं ऐकून ऐकून मला मराठी यायला लागली. त्यांची धम्मदीपा अडीच वर्षांची, पण एक शब्द बोलायची नाही. नुसती पळीने ताट बडवायची. प्रभावतीचा जीव टांगणीला. "दीपा! ओ दे ना! बोल गं, दीपा, बोल ना!" दिवसभर हेच.

एका रविवारी ताट जोरात वाजत होतं.

"अगं, आज रविवार! इथे रविवारी आवाज चालत नाही, शेजारी तक्रार करतील," जीवन म्हणाला.

"पळी काढली की रडते. तुम्हीच सांभाळा! आई रोज फोनवर विचारतात, बोलली का? काय सांगू मी?"

खाली क्लाइड मान डोलवत होते. दीपाचा ठेका जराही चुकत नव्हता. त्यांनी माझी पेटी उघडली, मला पुसलं आणि मला घेऊन ते जिना चढले.

प्रभावतीने दार उघडलं ते करंज्यांचा डबा पुढे करूनच. "एन्टशुल्डिगुंग! माफ करा! पळी आत्ता काढून घेते!"

"नाइन, नाइन! नको, नको! आमचा ड्रमवाला कुठाय?" क्लाइड हसले.

ते जमिनीवर बसले. मी हाक मारली. आवाज फाटकाच निघाला. दीपाची पळी थांबली. मी रीतीप्रमाणे गप्प झालो.

"आता बोल ना, दीपा..." प्रभावती सुरू झाली.

क्लाइडनी ओठावर बोट ठेवलं. "हाक मारली की थांबायचं असतं."

मी पुन्हा हाक मारली. एक, दोन, तीन, चार ठोके गेले.

"ओ!" दीपा म्हणाली.

"अहो, ऐकलंत? ओ दिली!" म्हणत प्रभावतीने डबा उघडून दीपाच्या हातात करंजी दिली.

आता आम्ही दर शनिवारी वाजवतो. रविवारी नको, समोरचे खरंच तक्रार करतात. माझ्या अंगावर दीपाच्या करंजीने तुपकट झालेल्या बोटांचे ठसे आहेत. मी मजेत आहे.

आयांनो, तुम्हाला एवढंच सांगणं. हाक मारा आणि थांबा. मी पंधरा वर्षं थांबलो, तुम्ही चार ठोके थांबा.