एनिडचा आवाज बसला तेव्हा

विल्फ टॅटरसॉल हे नाव तुम्ही ऐकलं नसेल. मँचेस्टरच्या स्टुडिओत मी टायपिस्ट होते, तेव्हा तो तिथे दुसऱ्यांनी लिहिलेल्या विनोदी मालिकांत हशे पेरायचा. पडद्यावर त्याचं नाव इतकं झरकन जायचं, की त्याच्या आईलाही ते कधी वाचता आलं नाही.

एकदा ऐन रेकॉर्डिंगच्या दिवशी आमची नायिका एनिड हिचा आवाज पार बसला. संध्याकाळी प्रेक्षक येणार, आणि मूळ लेखक स्पेनला सुट्टीवर! निर्माता हॅलम डोकं धरून बसला.

"रद्द करू या," तो म्हणाला.

"कशाला?" विल्फ चहात बिस्किट बुडवत म्हणाला. "मालिकेतल्या नवऱ्याला वाटेल, ही रुसलीये. अख्ख्या भागात बोलायचंच नाही तिने."

"आणि लोक हसणार कशाला?"

"माझी आई एकदा उन्हाळाभर बाबांशी बोलली नव्हती. आमच्या घरात तेवढी मजा पुन्हा कधी आली नाही. थेल्मा, कागद चढव गं!"

तो येरझारा घालत सांगत गेला, मी टाइपरायटर बडवत गेले. बायको का रुसली ते नवऱ्याला कळत नाही, म्हणून तो अंदाजाने एकेक गुन्हा कबूल करत सुटतो. सासूचा पोपट आपणच सोडला, इथपर्यंत! एनिड नुसती टोस्टला लोणी फासते. शेवटी शेजारीण डोकावते: "दाढ काढलीये ना तिची? डॉक्टरांनी बोलायला बंदी केलीये." मग एनिड शांतपणे तवा उचलते.

त्या संध्याकाळी प्रेक्षक हसून हसून खुर्च्यांवरून पडायचेच बाकी होते. विल्फ पडद्यामागे उभा राहून प्रत्येक वाक्य ओठातल्या ओठात म्हणत होता, घामाने निथळत.

वर्तमानपत्रांनी वाहवा केली ती स्पेनमधल्या लेखकाची. विल्फ खांदे उडवून मोकळा झाला. एनिड मात्र पेटली. घसा सुटताच ती हॅलमवर चालून गेली. "या माणसाला स्वतःची मालिका दे, नाहीतर मी निघाले!"

मिळाली. कपडे धुण्याच्या दुकानातल्या दोन बहिणींची गोष्ट होती. दोन वर्षं छान चालली, मग नवा साहेब आला आणि त्याने ती बंद केली.

"वाईट वाटलं?" मी विचारलं.

"आठवडाभर वाटलं," तो म्हणाला. "आता एका पोलीस मालिकेत विनोद घालायला बोलावलंय. थेल्मा, पोलीस ठाण्यात बकरी शिरली तर?"

मी कागद चढवला.