भुऱ्याचा तुकडा

मानमोडीच्या साथीनं त्या वर्षी घरंच्या घरं धुऊन नेली, आणि धुळाजी धनगराची बायको बायडाबाई तीन दिवसांच्या तापात गेली. साथ ओसरून चार महिने झाले होते. लोक धुळाजीकडं बघून म्हणत, गडी घट्ट आहे, डोळ्यातून टिपूस नाही. लोकांना काय, बोलायला पैसे पडत नाहीत. धुळाजी घट्टबिट्ट काही नव्हता. त्याला काही वाटतच नव्हतं. मेंढरं चारायची, सांजच्याला जाळीच्या कुंपणात कोंडायची, भाकरी थापायची, खायची. पायात बाभळीचा काटा मोडला तरी त्याला कळायला घटका लागायची. कुणी हाक मारली तर ती आधी कानावर पडायची आणि मग बऱ्याच वेळानं त्याच्यापर्यंत पोचायची.

त्याचं कुत्रं मात्र अगदी उलट. भुऱ्या त्याचं नाव. बायडाबाईनं लग्नानंतरच्या पहिल्या दिवाळीला माहेराहून, पालीहून, पदरात घालून आणलेलं पिल्लू. आता वासराएवढा थोराड गडी झाला होता. बायडाबाई रोज दुपारी डोक्यावर पाटी घेऊन रानात भाकरी आणायची आणि ती दिसायच्या आधीच भुऱ्या बांधावर जाऊन उभा राहायचा. पाटी उतरली, की पहिला तुकडा धुळाजी त्यालाच टाकायचा. माणूस मेल्याचं माणसांना सांगता येतं. भुऱ्याला कोण सांगणार? डोक्यावर पाटी घेतलेली कुठलीही बाई दिसली, की तो उठायचा, भुंकत सुसाट धावायचा, जवळ जाऊन हुंगायचा, आणि ही ती नव्हे असं कळलं, की पिसाळल्यागत तिच्याभोवती थयथयाट करायचा. बायका किंचाळायच्या. धुळाजी लांबून भाकरीचा तुकडा फेकायचा. भुऱ्या तो गिळायचा आणि पुन्हा भुंकायचा.

माघात धुळाजीची मेंढरं शिरूरला अर्जुनराव पाटलाच्या रानात बसली होती. मेंढरं पंधरा-वीस दिवस रानात बसली, की लेंड्यांचं खत आयतं पडतं आणि धनगराला धान्य मिळतं. सगळं सुरळीत चाललेलं, तोवर एक दिवस अर्जुनरावाची म्हातारी आई केशरबाई वानोळ्याची पाटी डोक्यावर घेऊन बांधावरून चालली होती. भुऱ्या सुटला. म्हातारी पाटीसकट आडवी झाली. चावा नाही, ओरखडा नाही, पण पायाचा घोटा भोपळ्याएवढा सुजला.

अर्जुनराव संध्याकाळी बंदूक घेऊनच आला. सरकारी परवान्याची बंदूक होती. तिनं आजवर दोन रानडुकरं आणि बरीचशी हवा मारली होती.

"धुळाजी, कुत्रं कुठं हाय बे? बाजूला हो."

धुळाजी बाजूला झाला. खरंच झाला. अर्जुनरावालाच चमत्कारिक वाटलं. समोरचा माणूस पाया पडेल, गयावया करेल, मग आपण मोठ्या मनानं माफ करू, असं काहीसं त्यानं वाटेत ठरवलं असावं.

"कावून गप हायस? मारू का?"

"मारा की, मालक."

अर्जुनरावानं बंदूक खाली केली. "तुझी बायको गेली म्हणून सोडतो. पुनवेला तुझी मेंढरं उठत्यात. आमच्या घरची रीत तुला ठावं हाय. मेंढरं रानातून उठायच्या दिवशी मालकिणीनं स्वतःच्या डोक्यावर पाटी आणायची, म्होरक्या एडक्याला हळद लावायची. माझी आई येणार. तिला नको म्हटलं तरी ती ऐकायची न्हाई. त्या दिवशी हे कुत्रं जाग्यावरनं उठलं तर तिथंच फैसला."

"बरं," धुळाजी म्हणाला.

भुऱ्याला बांधून ठेवायचंही करून पाहिलं होतं. दोन दावी त्यानं चावून तोडली होती.

ही खबर पालीला कशी गेली कोण जाणे, पण पुनवेला आठ दिवस उरले असताना साखराबाई येऊन थडकली. साखराबाई म्हणजे बायडाबाईची आई, धुळाजीची सासू आणि त्याआधीपासूनची सख्खी मामी. दीड दिवस चालत आली होती. आल्या आल्या तिनं पाणीही मागितलं नाही.

"तू मारा म्हणालास?"

"म्हणलो."

"नारायणगडाची आण हाय तुला, धुळाजी, पुन्हा आसं म्हणलास तर. पोर न्हाई, बाळ न्हाई. माझ्या लेकीच्या हातानं वाढलेलं एवढंच उरलंय जगात. त्ये बी द्यायचं व्हय?"

तेवढ्यात समोरच्या वाटेनं एक बाई पाटी घेऊन गेली, भुऱ्या उठला, भुंकला, धुळाजीनं तुकडा फेकला. साखराबाई बघत राहिली.

"रोज आसंच करतूस?"

"गप बसावं म्हणून."

"गप कुठं बसतंय? तू त्याला भुकायची मजुरी देतूस की रं! भुकलं की भाकर. मग त्यानं कावून गप ऱ्हावं?"

साखराबाईचं सासर मेंढ्यांच्या कुत्र्यांसाठी पंचक्रोशीत नावाजलेलं. तिचा सासरा पिल्लाला मेंढरांत नेऊन बसवायचा. पिल्लू उधळलं तर काही नाही, ओरडणं नाही, मारणं नाही. थकून निजलं, की निजल्या जागी त्याच्या ओठाला दुधाचं बोट. नुसतं द्यायचं म्हणून काहीही देता येतं, म्हातारा म्हणे; सगळी गोम कधी द्यायचं यात आहे.

दुसऱ्या दिवसापासून तिनं शिकवणी सुरू केली. कुत्र्याची म्हणा नाहीतर जावयाची म्हणा.

"म्या त्या बाभळीपासनं पाटी घिऊन येते. ते उठंल, भुकंल. तू काय बी द्यायचं न्हाई. त्याचं तोंड मिटलं, की दुसरा दम घ्यायच्या आत तुकडा त्याच्या म्होरं. भुकताना दिलास तर वाया, आन् उशीर केलास तरी वाया."

ती बाभळीपासून निघाली. भुऱ्या भुंकला. तिथंच थांबली. भुऱ्या भुंकून भुंकून क्षणभर थांबला. धुळाजीनं ते पाहिलं, समजला, हात उचलला, आणि तुकडा भुऱ्यापुढं पडला तेव्हा तो पुन्हा भुंकत होता.

"उशीर," साखराबाई तिकडून ओरडली आणि मागं फिरली.

पुन्हा आली. पुन्हा उशीर. त्या दिवसात ती किती वेळा गेली-आली हे मोजायला कुणी बसलं नव्हतं, पण बाभळीपासून वाट पडली. धुळाजीचा हात प्रत्येक वेळी मागं राहायचा. कुत्र्याचं तोंड मिटलेलं डोळ्यांना दिसायचं, पण ते हातापर्यंत पोचेस्तोवर वेळ निघून गेलेली असायची. त्याला राग आला नाही, लाजही वाटली नाही. साखराबाई मात्र रागानं लाल झाली होती.

"कुठं आस्तूस रं तू?"

कुठं असतो हे त्याला माहीत असतं तर त्यानं सांगितलं असतं.

तिसऱ्या दिवशी त्यानं निमूटपणे एक केलं. भुऱ्याच्या अगदी शेजारी, गुडघ्याला गुडघा लागेल असा बसला आणि डाव्या हाताची बोटं त्याच्या गळ्याखालच्या केसांत घातली. भुंकणं थांबायच्या आधी तिथं काहीतरी सैल पडतं, हे त्याला बोटांतून कळलं. कान अर्धे खाली येतात, मग तोंड मिटतं. साखराबाई बाभळीपासून निघाली. गळा थरथरला, मग सैलावला, आणि धुळाजीनं तुकडा दिला. भुऱ्यानं तो खाल्ला आणि धुळाजीच्या तोंडाकडं बघितलं. भुंकायचं राहून गेलं.

"आसं!" साखराबाई म्हणाली.

मग काम सरसर पुढं गेलं. साखराबाई बाभळीवरून बांधापर्यंत आली, बांधावरून विहिरीपर्यंत. भुंकणं कमी झालं, मग नुसती गुरगुर उरली, मग नुसतं उठून उभं राहणं. उभं राहणं थांबवायला दोन दिवस गेले. बसलेला असताना तुकडा, उठला की काही नाही. येणाऱ्याजाणाऱ्या बायकाही ह्या नाटकात हौसेनं पाटी घेऊन चालायला लागल्या. चतुर्दशीच्या सकाळी भुऱ्या सगळ्यांना नुसता बघत पडून राहिला.

"अजून एक ऱ्हायलंय," साखराबाई म्हणाली.

तिनं धुळाजीच्या कापडी पालात जाऊन त्याचं बोचकं सोडलं. बायडाबाईची लुगडी रीतीप्रमाणं वाटून टाकली होती, पण लाल काठाचं एक जुनं बोचक्याच्या तळाशी राहिलं होतं. ते नेसून, डोक्यावर बायडाबाईचीच पाटी घेऊन ती बाभळीपासून निघाली. चालणंही मायलेकींचं एकच. वारा तिच्याकडून इकडं येत होता.

भुऱ्या असा उठला की धुळाजीची बोटं झटक्यानं सुटली. तो भुंकला नाही. कुईं कुईं करत धावत गेला, तिच्या निऱ्यांत तोंड खुपसलं, हुंगत राहिला. साखराबाई खांबासारखी उभी. मग भुऱ्या मागं सरला आणि जे भुंकायला लागला ते पूर्वीपेक्षा वाईट. धुळाजीनं वाट पाहिली. साखराबाई मागं फिरली, बाभळीपर्यंत गेली, पुन्हा निघाली. दिवसभर हेच. दर खेपेला कुत्रं तिच्याकडं आशेनं धावायचं, दर खेपेला ती त्याची आशा मोडायची. धुळाजीला फक्त गळा, कान आणि तोंड दिसत होतं. दिवस कलला तेव्हा भुऱ्या बसल्या जागेवरून हलला नाही. धुळाजीनं तुकडा दिला.

पुनवेला सकाळी केशरबाई लंगडत, डोक्यावर पाटी सावरत आली. मागं दहा पावलांवर अर्जुनराव, खांद्याला बंदूक. केशरबाई बांध उतरली. भुऱ्यानं मान वर केली. धुळाजीची बोटं त्याच्या गळ्यावर होती. गळा सैल होता. तुकडा गेला. म्हातारी अगदी जवळून गेली, तिच्या लुगड्याचा काठ कुत्र्याच्या नाकाला लागला, आणि भुऱ्यानं मुस्कट पुढच्या पायांवर टेकवलं. दुसरा तुकडा गेला. केशरबाईनं एडक्याला हळद लावली आणि लेकाला म्हणाली, "ती बंदूक घरी ठिव जा. उगं शोभा."

अर्जुनराव खाकरला. "लई गुणाचं केलंस की, धुळाजी," म्हणाला आणि आईच्या मागून गेला.

मेंढरं उठवायची तयारी झाली. साखराबाईला पालीची वाट धरायची होती. लाल काठाचं लुगडं तिच्या अंगावरच होतं. "न्हेऊ का?" तिनं विचारलं. धुळाजीनं मान डोलावली. तिनं पाटी उचलली आणि निघाली.

बाभळीपर्यंत गेली आणि थांबली. मग काय मनात आलं कोण जाणे, पाटी डोक्यावर घेऊन ती पुन्हा पालाकडं चालत यायला लागली. आता त्याची गरज नव्हती. शिकवणी संपली होती.

भुऱ्यानं तिच्याकडं बघितलं. कान हलले नाहीत. मुस्कट पायांवर तसंच राहिलं. धुळाजीच्या हातून तुकडा आपोआप, अगदी वेळेवर गेला.

"बराबर दिलास," साखराबाई म्हणाली आणि बांधावर मटकन बसली. "धुळाजी, एक डाव तरी उठायचं व्हतं रं त्यानं. जगात येवढं येकच तिची वाट बघत व्हतं. त्ये बी म्या मोडलं. माझ्या हातानं मोडलं."

ती रडायला लागली. लेकीच्या तेराव्यालाही बायांना स्वैपाकाचं सांगत फिरणारी साखराबाई आता तोंडावर लेकीचंच लुगडं धरून रडत होती. धुळाजी तिच्यापाशी जाऊन बसला. गप म्हणावं असं त्याला वाटलं नाही. छातीत काहीतरी ओढलं जात होतं, आणि या खेपेला ते लगेच कळत होतं.

"मामी," तो म्हणाला, "म्या त्याला गप करायला न्हाई टाकायचो भाकर."

"मग?"

"त्यो उठला, की मला वाटायचं, आली. येका दमापुरतं वाटायचं. मग हात आपसूक जायचा."

साखराबाईनं तोंडावरचा पदर काढून त्याच्याकडं पाहिलं. धुळाजीचा चेहरा वेडावाकडा झाला होता, आणि चार महिन्यांचं ते सगळं एकदम वर आलं. दोघं बांधावर बसून मोठमोठ्यानं रडत राहिली. भुऱ्या शिकवल्याप्रमाणं जागेवर पडून होता, जराही हलला नाही, आणि त्याला तुकडा द्यायचं दोघांच्याही ध्यानात आलं नाही.