कुंपणाखालचं ओरेहोव्निक

घरं एकतीस, चर्च एक, विहीर एक, गवत वाळवायच्या लाकडी चौकटी सहा आणि लिंडनचं झाड म्हणून रोवलेली इथल्या मानुका झुडपाची छाटलेली फांदी एक. बाकी सगळं दगड, सिमेंट आणि कौलांच्या तुकड्यांचं. सर्वांत उंच चर्चचा मनोरा, चौसष्ट सेंटिमीटर. शनिवारी सकाळी नऊला मी हे मोजलं, कारण विश्वनाथमामा त्याच दुपारी ते काढून टाकणार होते.

हेन्डरसन उपनगरातलं हे घर मामांनी २००६च्या मार्चमध्ये घेतलं. मागचं अंगण चढत जातं आणि वर तारेचं कुंपण आहे. पलीकडे लोइझे राहायचे. स्लोव्हेनियातून आलेले, वय अठ्ठ्याहत्तर. त्यांनी बांधलेलं हे छोटं गाव मात्र कुंपणाच्या खाली, आमच्या बाजूच्या उतारावर होतं, आणि मामांना तो उतार कापून गॅरेज बांधायचं होतं.

"पुण्यात कंपाउंडच्या आत असतं ते आपलं," मामा म्हणाले. "त्यात मोजायचं काय?"

सर्व्हेच्या ऑफिसात लागून मला आठ महिने झाले होते. इथे कुंपण हद्दीवर असतंच असं नाही, हे तेवढ्यात मी तीनदा पाहिलं होतं. मामांना तसं सांगितलं.

"मधुवंती, तू जेवतेस कुणाच्या घरी? त्या म्हाताऱ्याच्या? बरं, मोज. बारापर्यंत."

नकाशाप्रमाणे हद्दीच्या दोन्ही टोकांना लोखंडी नळ्या पुरलेल्या असायला हव्या होत्या. बाजूच्या रस्त्याकडची लगेच सापडली. दुसऱ्या टोकाची सापडेना. मी खणत होते आणि लोइझे कुंपणाला टेकून बघत होते.

"त्याची भाची ना तू?" ते इंग्रजीत म्हणाले. "मग त्याला हवं तेच मोजशील."

"नळी जिथे असेल तिथेच असेल," मी म्हटलं. "तुम्ही कुंपण वर का घातलंत?"

"उतारावर खांब टिकत नव्हते. चिकणमाती. चौऱ्याहत्तर साली सपाटीवर घातलं. जागा माझीच आहे. गावाला उतार लागतो, माझं गाव ओरेहोव्निक काही सपाटीवर नव्हतं."

मी चर्चबद्दल विचारलं. त्याची घंटा पहिल्या महायुद्धात तोफा ओतायला नेली, नंतरची पातळ आवाजाची होती, ते म्हणाले. विहीर गावात एकच, वरच्या आळीची आणि खालच्या आळीची बादली वेगळी. लिंडनखाली बाक होता, तिथे हद्दीची भांडणं चालायची.

"मिटायची?"

"मिटतात कुठे? दोघांनी उभं राहून बोलायचं, बाकीच्यांनी बसून ऐकायचं." त्यांनी खालच्या घरांकडे बोट केलं. "बेचाळीसमध्ये इटालियन सैनिकांनी गाव जाळलं. मी चौदा वर्षांचा होतो. परत कुणी बांधलं नाही. एकतीस घरं मी आठवून बांधली, आणि तुझ्या मामाला मोटार ठेवायची आहे."

पावणेबाराला मामा ढकलगाडी घेऊन वर आले.

"मामा, अजून नळी मिळाली नाहीये."

"नसेलच. महिनाभर सांगतोय याला, नोटीस दिली, हा ऐकतो का?"

नीतामामी मागोमाग आल्या. "अहो, देऊळ आहे ते त्यांचं. निदान त्याला तरी हात लावू नका."

"देऊळ कसलं? खेळणं आहे."

मामांनी चर्च दोन्ही हातांनी उपटलं. मनोरा मधोमध मोडून त्यांच्या पायाशी पडला. लोइझे कुंपणाचं फाटक उघडून खाली आले. त्यांना नीट चालता येत नव्हतं. ते मामांसमोर उभे राहिले आणि त्यांच्या बुटावर थुंकले.

"बघितलंस?" मामा मला मराठीत म्हणाले. "याची बाजू घेत होतीस!" मग इंग्रजीत त्यांना म्हणाले, "माझ्या जागेतून निघ. नाहीतर पोलीस बोलावतो."

"बोलाव. त्यांनाही दाखव हे."

मामांनी पुढची घरं उचलली. मामींनी गाडीचा दांडा धरला, मामांनी तो हिसकावला. लोइझे उरलेल्या घरांच्या मध्ये जाऊन बसले, तेव्हा मामांना थांबावं लागलं. गाडीत चर्च आणि सात घरं होती. मी खणत राहिले.

बारा वाजून वीस मिनिटांनी फावडं लोखंडावर वाजलं. नळी चाळीस सेंटिमीटर खोल होती, जागची न हललेली. दोन्ही नळ्यांमध्ये दोरी ताणली आणि मापं दोनदा घेतली. दोन्ही वेळा तीच आली.

कुंपणापासून खाली, आमच्या घराच्या दिशेने, हद्द दोन मीटर चोवीस सेंटिमीटरवर. गावातलं सर्वांत खालचं घर दोन मीटर नऊ सेंटिमीटरवर, म्हणजे लोइझे यांच्या जागेत, हद्दीपासून पंधरा सेंटिमीटर आत.